एकपानीची भाजी

“मग चाळीस वर्षांपूर्वी मी पाहिलं तरी काय, महाराज?”

आत्मगिरी महाराज मठीतल्या चुलीपाशी भाकरी थापत होते.

प्राध्यापक केळुसकरांनी खिशातलं पाकीट चाचपलं. डोंगरमाथ्यावरच्या या कातळसड्यावर, ओल्या कुरणात नागजिभेचं नेचं सापडल्याची नोंद त्यांची एकट्याची. वाळवून ठेवलेला नमुना कधीच कसरीनं खाल्ला होता. गेले तीन पावसाळे त्यांनी कुरण पालथं घातलं. हाती लागलं ते गवत. आज सकाळीही तेच. नवे संशोधक गालात हसू लागले होते. आता पाकिटात पत्र होतं : ‘माझी नोंद चुकीची समजावी.’ सडा उतरला की टपालात टाकायचं.

“जन्मभर जे शिकवलं, त्यातलं आणखी काय काय खोटं असेल…”

“मास्तर, पान वाढलंय. बसा.”

केळुसकर बसले. भाकरी मोडली, भाजीत बोट घातलं आणि थबकले.

शिजून मऊ झालेलं एक साधं पान. त्याच्या देठातून निघालेला बारीक तुरा. तुऱ्यावर मण्यांच्या दोन ओळी.

चष्मा पुसला. पुन्हा पाहिलं.

“ही… ही कुठली भाजी?”

“एकपानी.”

“मिळाली कुठं?”

“तुम्ही काठी टेकून उभे होतात ना, तिथंच. पहाटे खुडली.”

“अहो, चार दिवस मी तुमच्यासमोर हिलाच शोधतोय!”

“तुम्ही नेचं म्हणालात. भाजी म्हणाला असतात तर पहिल्याच दिवशी वाढली असती.”

केळुसकरांना हसू आवरेना. डोळे मात्र भरून आले. मग ते एकदम धसकले.

“सगळी उपटलीत?”

“नखानं खुडली. कंद तिथंच आहे.”

“आणि मागची तीन वर्षं? तेव्हा का नव्हती?”

महाराजांनी जीभ बाहेर काढून दाखवली. मग तोंड मिटलं, आणि मिटल्या तोंडानं त्यांच्याकडे पाहत राहिले…

केळुसकरांना उमगलं : कंद खाली जिवंतच असतो, पण एखाद्या वर्षी जीभ बाहेर काढतच नाही.

केळुसकरांनी पाकीट काढलं. महाराजांनी ते घेऊन तापल्या तव्याखाली सरकवलं. कागद करपल्याचा वास आला.

“पण महाराज, हा एवढाच पुरावा. मी तो खाऊन टाकला तर लोकांना दाखवू काय?”

महाराजांनी त्यांच्या पानात आणखी भाजी वाढली.

“गार होतोय पुरावा. जेवा.”