छापलेली खूण

“मला वाचता येत नाही, म्हणजे नक्की काय हो बाई?”

चारुशीला मगदूम गच्चीच्या दारातून तावातावानं पुढं आली. चपला जिन्याखाली राहिल्या होत्या. पायाखाली एप्रिलच्या उन्हानं तापलेली फरशी होती, पण तिला त्याचं भान नव्हतं.

सुगंधाबाई हेरवाडकरांनी मान वर केली नाही. दोरीवर टाकलेल्या चादरीच्या सावलीत पाटावर बसून त्या प्लास्टिकच्या कागदावर सांडगे घालत होत्या. उमेदीची वर्षं त्यांनी नाटकांत कामं केली, पुढं नाटकं बसवली. आता गुडघे कुरकुरत होते, तरी कुरुंदवाडहून एसटीनं इचलकरंजीला तालीम घ्यायला जाणं काही सुटलं नव्हतं.

“सावलीत ये,” त्या म्हणाल्या.

“मी बसायला आलेली नाही.”

आदल्या दिवशी तालमीत बाईंनी तिला सगळ्यांदेखत थांबवलं होतं. प्रसंग नाटकातला सगळ्यांत मोठा. आई गेल्यावर घरी आलेली बहीण भावासमोर उभी राहते, तो. चारुशीला रंगात आली होती. आवाज चढला होता, डोळे भरून आले होते. आणि बाई ओरडल्या, “बास! तुला वाचताच येत नाही. उद्यापासून येऊ नकोस.”

एवढं बोलून, काही घडलंच नाही अशा थाटात, त्यांनी पुढचा प्रसंग लावला.

चारुशीला रात्रभर धुमसत राहिली. सकाळी एसटीत खिडकीशी बसून तिनं बाईंना काय सुनवायचं ते नीट जुळवलं. कुठं आवाज खाली आणायचा, कुठं थांबायचं, कुठल्या शब्दावर पाठ फिरवून चालू लागायचं... सगळं.

आता ते बाहेर पडू लागलं.

“कॉलेजात होते तेव्हापासून तुमच्याकडं शिकतेय. ही संहिता मी किती वेळा वाचली, माहितेय तुम्हाला? एकेका वाक्यामागं काय आहे ते लिहून काढलंय. त्या बहिणीचं लहानपण लिहिलंय, तिची शाळा लिहिलीय, तिला काय आवडतं, काय नाही, सगळं. आणि चार पोरांसमोर तुम्ही मला अडाणी ठरवलंत!”

“पुढं?”

“मालिका सोडून आले मी या नाटकासाठी.”

“पुढं?”

“माझं चांगलं झालेलं तुम्हाला बघवत नाही...”

“इथं तू थांबणार होतीस,” बाई म्हणाल्या. पुढचा सांडगा कागदावर पडला. “आणि मी चिडून काहीतरी बोलणार होते. काय बोलणार होते गं मी?”

चारुशीला ठरल्याप्रमाणं पाठ फिरवायलाही विसरली.

“एसटीत बसवलंस ना हे? झकास बसवलंयस. फक्त समोरच्याची वाक्यंसुद्धा तूच लिहून आणलीस.”

जुळवलेलं सगळं एका झटक्यात पुसलं गेलं. आणि मग जे आलं, ते एसटीत ठरवलेलं नव्हतं.

“तुमच्यामुळं मला माझी आई शेवटची दिसली नाही!”

बाईंचा हात थांबला.

“सोलापूरला प्रयोग होता. दादाचा फोन आला, आईचं काही खरं नाही, असशील तशी नीघ. मी रडत तुमच्याकडं आले. तुम्ही काय म्हणालात? प्रयोग कर, मग जा. केला मी प्रयोग! पहाटे घरी पोचले तर सगळं संपलेलं. दादा दारात उभा. आणि मला विचारतो काय? ‘टाळ्या पडल्या का?’... आत आई पडलीय, आणि सख्खा भाऊ मला टोमणा मारतो! वर्ष झालं, त्याचं तोंड पाहिलं नाही मी. कुणामुळं? सांगा ना, कुणामुळं?”

एक कावळा कठड्यावर येऊन बसला होता. सांडग्यांवर नजर ठेवून होता. त्याला कुणी हाकललं नाही.

“आता म्हणा,” चारुशीलाचा आवाज चिरकला. “म्हणा, हेच रंगमंचावर आण.”

बाई ताडकन उठल्या. गुडघ्यांची पर्वा न करता उठल्या. पिठानं भरलेलं बोट तिच्यावर रोखून म्हणाल्या,

“खबरदार! हेच तर आणतेस रोज. दोन महिने बघतेय. वीट आलाय मला त्याचा!”

चारुशीला एक पाऊल मागं सरली.

“काढ ती संहिता.”

चारुशीलानं पिशवीतून संहिता काढली. पानापानावर लाल पेनानं लिहिलेलं. समास भरून गेले होते, ओळींच्या मधल्या जागाही भरल्या होत्या.

“यातल्या पोरीचा भाऊ वाईट आहे, असं कुठं लिहिलंय? दाखव.”

चारुशीलानं भराभर पानं उलटली. भाऊ आईच्या उशाशी बसतो. तिला चमच्यानं पाणी पाजतो. डॉक्टरशी भांडतो. एकटा असताना रडतो. आणि त्याच्या प्रत्येक वाक्याशेजारी लाल अक्षरांत... ‘ढोंगी.’ ‘खोटं बोलतोय.’ ‘टोमणा.’

तिनं आणखी दोन पानं उलटली. मग उलटायची थांबली.

“लाल कुणाचं?”

“माझं.”

“काळं वाच. नुसतं काळं. सगळ्यांत मोठं वाक्य काढ तुझं.”

ते तिला शोधावं लागलं नाही. तिनं श्वास घेतला आणि रोजच्यासारखं फेकलं, “आई काय म्हणाली शेवटी!”

कावळा उडाला.

“या वाक्याच्या शेवटी काय आहे?”

“स्फोट,” चारुशीला म्हणाली. लाल अक्षरांत तसंच लिहिलं होतं.

“ते तू लिहिलंस. छापलेली खूण कुठली?”

चारुशीलानं पान डोळ्यांजवळ नेलं. लाल शाईखाली ती खूण जवळजवळ बुजून गेली होती.

“...प्रश्नचिन्ह.”

“मग विचार.”

तिनं पुन्हा म्हटलं. आवाज खाली आणला, पण आरोप तसाच राहिला. पुन्हा म्हटलं. आता तो दातांखाली राहिला, एवढाच फरक.

बाई हळूहळू पाटावर टेकल्या. वर बघून, भाजीचा भाव विचारावा इतक्या साधेपणानं म्हणाल्या,

“आई काय म्हणाली शेवटी?”

कसं म्हणायचं ते बाई दाखवताहेत, असं चारुशीलाला वाटलं. त्या आणखी काही सांगतील म्हणून ती थांबली. बाईही थांबल्या. तिच्याकडंच बघत राहिल्या.

“कुणाची... माझी?”

बाईंनी नुसती मान डोलावली.

“मला माहीत नाही.”

“विचारलं नाहीस?”

“कुणाला विचारणार होते? तिथं एकटा दादा होता. आणि त्याच्याशी मी...” वाक्य अर्धवट टाकून ती उसळली. “सगळं तुमच्यामुळं झालं!”

“माझ्यामुळंच झालं. धर राग. मी मरेपर्यंत धर, तुला कुणी अडवलंय? पण माझ्यावर धर, तुझ्या भावावर धर. त्या पोरीच्या तोंडून कशाला काढतेस? तिनं तुझं काय घोडं मारलंय? तिला भावाला काहीतरी विचारायचंय, आणि तू तिला विचारू देत नाहीस!”

आत्ता कुठं चारुशीलाला तळपायांचं भाजणं जाणवलं. तरी ती सावलीत गेली नाही. संहिता पिशवीत कोंबली आणि जिन्याकडं वळली.

“तालमीला येऊ की नको, तेवढं सांगा.”

“उत्तर घेऊन ये.”

“आणि ते तुम्हाला येऊन सांगू?”

“मला काय करायचंय त्याचं!” बाई खेकसल्या आणि पुन्हा पिठात हात घातला.

इचलकरंजीच्या स्टँडवर उतरल्यावर ती घरी गेली नाही. रागारागानं चालत सुटली ती थेट सन्मतीदादाच्या कारखान्यात. आत यंत्रमाग सुरू होते. त्या खडखडाटात शेजारी उभ्या असलेल्या माणसाचंही बोलणं ऐकू येत नाही. दादा वाकून तुटलेला धागा जोडत होता. तिला बघून तो सरळ झाला. चेहरा दगडासारखा.

“आई काय म्हणाली शेवटी?” ती ओरडली.

दादानं कानाकडं बोट नेलं. ऐकू येत नाही.

ती पुन्हा ओरडली. त्यानं मान हलवली. मग हातातला धागा सोडून तो वळला आणि एकेक माग बंद करत गेला. एक थांबला, दुसरा थांबला... शेवटचा थांबला, तेव्हा कारखान्यात इतकी शांतता झाली, की तिला ओरडायचं काही कारणच उरलं नाही.

“आई काय म्हणाली शेवटी?”

दादा बराच वेळ हाताला लागलेलं वंगण पुसत राहिला.

“तुझीच वाट बघत होती. मग म्हणाली, चारू आली की विचार, टाळ्या पडल्या का.”

चारुशीलानं मागाच्या लोखंडाला हात टेकवला.

“मी ते रागानंच विचारलं असेन,” दादा म्हणाला. “तू आली नव्हतीस म्हणून राग होता मला. अजूनही आहे. पण प्रश्न तिचा होता.”

“मग तेव्हाच का नाही सांगितलंस?”

“तू तोंड फिरवून आत गेलीस. नंतर विचारलंस कधी?”

दादानं कोपऱ्यातलं स्टूल ओढून तिच्यापुढं ठेवलं. ती बसली. माग बंदच राहिले.

त्या आठवड्यातच ती तालमीला गेली. बाईंनी ये म्हटलं नाही, जा म्हटलं नाही. नुसतं म्हणाल्या, “भावाबहिणीचा प्रसंग.”

भावाचं काम रफिक नदाफ करायचा. चारुशीलाचा स्फोट अंगावर आला रे आला, की त्याच जोरात उत्तर फेकायची त्याला सवय झाली होती. आजही तो छाती भरून तयारीत उभा होता.

चारुशीला त्याच्यासमोर आली. हातात संहिता नव्हती.

“आई काय म्हणाली शेवटी?”

रफिकनं तोंड उघडलं... आणि तिच्याकडं बघतच राहिला. ती खरोखर थांबली होती. तो काय सांगतोय, त्याची वाट बघत होती. त्याला पुढचं वाक्य आठवेना. त्यानं डोळे मिटले, उघडले. तरी आठवेना.

बाईंच्या तालमीत वाक्य विसरणाऱ्याला माफी नसायची. सगळ्यांच्या माना बाईंकडं वळल्या.

बाईंनी चष्मा काढला. पदराच्या टोकानं सावकाश पुसला. पुन्हा डोळ्यांवर चढवला.

“सगळे खाली बसा,” त्या म्हणाल्या. “पहिलं पान काढा. आज सगळ्यांचंच वाचन.”