झुबकीची कैरी आणि पन्ह्याचा पहिला पेला

बसलात का सगळे? मांडी घाला बघू. ज्याला तहान लागली असेल त्याने आत्ताच पाणी पिऊन यावं. ही गोष्ट तहानेची आहे. मध्येच उठायचं नाही, आधीच सांगून ठेवते.

तर एक होती खार. इवलीशी. शेपटी मात्र ही एवढी झुबकेदार. म्हणून तिचं नाव झुबकी.

झुबकी राहायची बायजाकाकूच्या परसात, आंब्याच्या झाडावर. खालच्या फांदीजवळ एक ढोली होती. ढोलीत तिचं पिल्लू. पिल्लाखाली सावरीचा मऊ मऊ कापूस.

उन्हाळ्याचे दिवस होते. ऊन कसं? चटचट चटचट. पिल्लू बिचारं मलूल झालं. डोळे मिटून नुसतं पडून राहिलं.

मग तिने काय केलं? एक कैरी तोडली. हिरवीगार. म्हणाली, पिल्लाला रस चाटवू. कैरी ओढली, ओढली, ढोलीपर्यंत आणली. पण कैरी मोठी आणि झुबकी छोटी. कैरी निसटली.

गडगड गडगड गडगड... डुबुक.

कुठे पडली? अहो, खाली बायजाकाकू चुलीवर कैऱ्या उकडत होती. पडली त्याच पातेल्यात. आता काकूची कैरी कुठली आणि झुबकीची कुठली? सगळ्या सारख्याच.

झुबकी खाली आली. तुरुतुरु तुरुतुरु.

"काकू, काकू, माझी कैरी दे."

काकू हसली. उकडलेली कैरी काय परत झाडावर न्यायची, म्हणाली. पण काकू कुणाचं ठेवून घेणारी नव्हती.

"पन्हं देईन, बाई, देईन. पण आधी काकडी आण."

कारण बायजाकाकूच्या पन्ह्यात काकडीचा रस लागतोच. कैरी आंबट, गूळ गोड, काकडी गार. तिन्ही हवीत.

आणि त्या घरची एक रीत होती. जो सगळ्यात लहान, त्याला पन्ह्याचा पहिला पेला. काकूची लेक गोदी. चार वर्षांची. घरात सगळ्यात लहान तीच. ती सकाळपासून पेला हातात धरून बसली होती.

झुबकी निघाली. तुरुतुरु तुरुतुरु. गेली काकडीच्या वेलीकडे.

"वेलीबाई, वेलीबाई, काकडी दे.
काकडी मिळाली की काकू पन्हं देईल.
पन्हं मिळालं की पिल्लू पिईल.
पिल्लू प्यायलं की डोळे उघडेल."

वेलीची पानं उन्हाने लोंबत होती. तिला मान वर करवेना.

"देईन, बाई, देईन. पण आधी पाणी आण."

झुबकी निघाली. तुरुतुरु तुरुतुरु. गेली विहिरीवरच्या रहाटाकडे.

"रहाटदादा, रहाटदादा, पाणी दे.
पाणी मिळालं की वेल काकडी देईल.
काकडी मिळाली की काकू पन्हं देईल.
पन्हं मिळालं की पिल्लू पिईल.
पिल्लू प्यायलं की डोळे उघडेल."

रहाट थोडा फिरला. कर्रर्र कर्रर्र. आणि अडकला. कोरडा ठक्क पडला होता तो.

"देईन, बाई, देईन. पण आधी तेल आण."

झुबकी निघाली. तुरुतुरु तुरुतुरु. गेली तेलाच्या घाण्याकडे. तिथे बैल उभा होता. तो गोल गोल फिरला की तेल निघायचं.

"बैलोबा, बैलोबा, तेल दे.
तेल मिळालं की रहाट पाणी देईल.
पाणी मिळालं की वेल काकडी देईल.
काकडी मिळाली की काकू पन्हं देईल.
पन्हं मिळालं की पिल्लू पिईल.
पिल्लू प्यायलं की डोळे उघडेल."

बैल कशाचा फिरतोय? त्याच्या पाठीवर माश्या. भणभण भणभण. शेपटी तिथवर पोचेना. बैल वैतागला होता.

"देईन, बाई, देईन. पण आधी माश्या घालव."

झुबकी निघाली. दमली होती, तरी निघाली. तुरुतुरु तुरुतुरु. गेली साळुंकीकडे.

"साळुंकीताई, साळुंकीताई, माश्या टिप.
माश्या गेल्या की बैल तेल देईल.
तेल मिळालं की रहाट पाणी देईल.
पाणी मिळालं की वेल काकडी देईल.
काकडी मिळाली की काकू पन्हं देईल.
पन्हं मिळालं की पिल्लू पिईल.
पिल्लू प्यायलं की डोळे उघडेल."

साळुंकी घरटं बांधत होती. नुसत्या काड्याच काड्या. त्यात अंडी कशी ठेवायची, टोचतील ना?

"टिपीन, बाई, टिपीन. पण आधी कापूस आण."

आता आली का पंचाईत? सावरीचा कापूस तर वाऱ्याने केव्हाच उडून गेला. झाडावर नाही, जमिनीवर नाही. उरला होता कुठे?

ढोलीत. पिल्लाच्या खाली.

झुबकी परत फिरली. या वेळी तुरुतुरु नाही हं. हळू. अगदी हळू. ढोलीत गेली, पिल्लाच्या कानाशी बसली.

"बाळा, बाळा, तुझा कापूस दे.
कापूस मिळाला की साळुंकी माश्या टिपेल.
माश्या गेल्या की बैल तेल देईल.
तेल मिळालं की रहाट पाणी देईल.
पाणी मिळालं की वेल काकडी देईल.
काकडी मिळाली की काकू पन्हं देईल.
पन्हं मिळालं की पिल्लू पिईल.
पिल्लू प्यायलं की..."

झुबकीने पिल्लाच्या डोक्यावरून जीभ फिरवली.

सगळे म्हणाले होते, आधी हे आण, आधी ते आण. पिल्लाने काहीच मागितलं नाही. डोळे मिटूनच ते थोडं बाजूला सरकलं.

"घे, आई," म्हणालं.

झुबकीने कापूस उचलला. अर्धाच. अर्धा पिल्लाखाली राहू दिला. आई आहे ना ती.

आणि मग काय, बघता बघता साखळी सुटली.

झुबकीने साळुंकीला कापूस दिला. साळुंकी उडाली. भुर्रर्र.

साळुंकीने माश्या टिपल्या. टिप टिप टिप. एकही ठेवली नाही.

बैल फिरला. गोल गोल, गोल गोल. तेल निघालं. टप टप टप. तेल न्यायचं कशात? झुबकीने आपली शेपटीच तेलात बुडवली. झुबकेदार शेपटीची अगदी वात झाली.

त्या शेपटीने तिने रहाटाला तेल चोपडलं. कर्रर्र थांबलं. रहाट फिरला. पाणी आलं. खळखळ खळखळ, पाटातून थेट वेलीपाशी.

वेल पाणी प्यायली. पानं उभी राहिली. वेलीने एक काकडी खाली सोडली. काकडी झुबकीपेक्षा लांब. पण झुबकी आता शहाणी झाली होती. उचलायची कशाला? लोटायची. लोट लोट, लोट लोट, थेट काकूच्या पायाशी.

झुबकी म्हणाली, टाक लवकर पातेल्यात. काकू म्हणाली, अगं थांब, अशी टाकली आणि काकडी कडू निघाली तर सगळं पन्हं कडू होईल. मग तुझं पिल्लू पिईल का?

मग गोदीने काम हाती घेतलं. काकूने काकडीचं टोक कापून दिलं. गोदीने ते टोक काकडीवर चोळलं. गरगर गरगर. पांढरा फेस आला. तोच तो कडूपणा. गोदीने फेस धुऊन टाकला.

काकूने काकडी किसली. पिळली. कैरीचा गर घातला. गूळ घातला. जिऱ्याची पूड, चिमूटभर मीठ, पुदिन्याची चार पानं. ओतलं माठातलं गार पाणी. घुसळलं. घळघळ घळघळ.

पन्हं झालं.

काकूने पहिला पेला भरला. तो कुणाचा? रीत ठरलेली. गोदीचा. गोदीने पेला ओठाला लावला. आणि तशीच थांबली. वर ढोलीकडे बघितलं.

"आई, सगळ्यात लहान कोण?"

"तूच की गं," काकू म्हणाली.

"नाही. ते."

काकूनेही वर ढोलीकडे बघितलं. मग तिने गोदीला कडेवर घेतलं. फणसाच्या पानाचा छोटा द्रोण केला. गोदीने आपल्या पेल्यातलं पन्हं त्यात ओतलं आणि हात लांब करून द्रोण ढोलीच्या तोंडाशी धरला.

झुबकीने पिल्लाला पुढे आणलं. पिल्लाने जीभ लावली. चुटुक. थांबलं. पुन्हा लावली. चुटुक चुटुक. चुटुक चुटुक चुटुक.

पिल्लाने एक डोळा उघडला.

मग दुसरा उघडला.

समोर गोदी होती. तिच्याकडे बघत बघत त्याने द्रोण चाटूनपुसून साफ केला. गोदीला इतका आनंद झाला की आपल्याला तहान लागली होती हेच ती विसरली. दुसरा पेला तिचा. तिसरा काकूचा. झुबकीलाही घोटभर मिळालं, पण आधी तिला शेपटी धुवावी लागली.

संध्याकाळी साळुंकी ढोलीपाशी आली. घरटं बांधून चिमूटभर कापूस उरला होता. तो तिने पिल्लाखाली सारला आणि गेली.

गोष्ट संपली, पेला पालथा.

आता सांगा बघू, आपल्या घरात सगळ्यात लहान कोण?