बोबडी कुणाच्या हडळीपुढे?

तीस वर्षांपूर्वी 'पिंपळडोह' या भयपटातली हडळ मुक्ताबाई केरकरांनी रबर आणि घोड्याच्या केसांपासून घडवली होती. आता त्याच्या आधीची गोष्ट सांगणारा प्रीक्वेल निघाला, तेव्हा निर्माते हेमराज ठकार यांनी "सगळं मूळ सिनेमासारखंच हवं" असं म्हणत त्यांच्याकडूनच पुन्हा तशी हडळ करून घेतली. चित्रीकरण संपल्यावर मात्र मुक्ताबाईंना न विचारता ती पडद्यावरून पुसली आणि तिच्या जागी कॉम्प्युटरची हडळ बसवली.

मुक्ताबाईंना हे कळलं ते कोल्हापुरात, पत्रकारांसाठी ठेवलेल्या खेळात. ती गुळगुळीत हडळ पाहून त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. दिवे लागताच त्या उठल्या.

"माझं काम कुठे गेलं?"

"बाई, रबराच्या बाहुलीला आता कोण घाबरतं?" ठकार हसले. "आमच्या हडळीपुढे नायिकेची कशी बोबडी वळली, बघितलंत ना? खरी भीती आहे ती!"

"अगदी खरी. पण तो प्रसंग चित्रित झाला, तेव्हा तुमची हडळ तयार होती?"

"छे! ती चार महिन्यांनी झाली."

"मग साहेब, त्या दिवशी पोरीची बोबडी वळली ती कुणाला बघून?"

पत्रकारांत हशा पिकला. पहिल्या रांगेतली नायिका ऋतुजा उठून म्हणाली, "मावशींच्या हडळीला बघून! मला अभिनय करावाच लागला नाही."

पत्रकारांनी रबराच्या हडळीचं, न पुसलेलं मूळ दृश्य दाखवायचा हट्टच धरला. ठकारांना ते दाखवावं लागलं, आणि हसणारं सभागृह चिडीचूप झालं.