तळ्याकाठचा खांब

फार पूर्वी काळ एका जागी ठरत नसे. उतारावरच्या पाण्यासारखा घसरायचा. म्हणून सांजखोऱ्याभोवती कुणीतरी दगडी खांब रोवले होते. ते सरळ उभे असले, की सकाळीमागून दुपार नीट येई.

तळ्याकाठच्या खांबाच्या पायथ्याशी टिटवीने एक अंडं घातलं होतं. एका सकाळी त्यातून पिल्लू बाहेर आलं. नेमकं तेव्हाच खांबाला वाटलं, आपण पाण्यात कसे दिसतो ते पाहावं. तो जरासाच वाकला. काळ मागे सरकला. पिल्लू पुन्हा अंड्यात गेलं, आणि मग अंडंही उरलं नाही.

खांब घाईघाईने सरळ झाला. पण गेलेलं परत आलं नाही.

“काय झालं रे दादा?” टिटवी रडत म्हणाली.

“वारा आला,” खांब म्हणाला. “फार मोठा वारा.”

“वारा?” शेजारचा खांब पुटपुटला. “गवताचं पातं तरी हललं का?” टिटवीला ते ऐकू गेलं नाही.

पुढच्या वर्षी तिने तिथेच अंडी घातली. पिल्लं बाहेर येताच त्यांना खांबासमोर उभं केलं. “मामाच्या पाया पडा. एवढ्या वाऱ्यातही तो आपल्यासाठी उभा राहिला.”

खांबाला खरं सांगायचं होतं, पण त्याला तोंड उघडवेना.

तेव्हापासून तो तसूभर हललेला नाही. समोर तळं आहे, खाली पिल्लं आहेत; म्हणून तो नुसता आभाळाकडे पाहतो. येणारेजाणारे म्हणतात, “केवढा ताठा बघा याला!”