पानावरून घसरणारं वाक्य

राजा प्रतापकेतूने आठव्यांदा लिहिलं आणि आठव्यांदा अक्षरं पानावरून घरंगळून खाली पडली!

"धरा! धरा त्यांना!" राजा ओरडला.

धरणार कोण? भर दरबारात केरसुणी होती ती एकट्या ठकूबाईच्या हातात. ती पुढे झाली, अक्षरं सुपात भरली आणि पुन्हा खांबाशी जाऊन उभी राहिली. सकाळपासून हे तिचं तिसरं सूप. अकरा वर्षं ती राजवाड्याच्या पोथीखान्यात झाडलोट करत होती, पण वाचता तिला एक अक्षर येत नव्हतं. "अख्ख्या उल्कानगरीत अक्षरं केरात टाकणारी मीच एक!" असं ती सांगायची आणि सगळ्यांच्या आधी स्वतःच हसायची.

ती पोथी साधी नव्हती. जिवंत होती. श्वास घ्यायची, विचार करायची, बोलायची, रुसायची. उल्कानगरीत जे घडे ते तिच्या पानांवर आपोआप उमटे. खोटं मात्र तिच्या अंगावर टिकत नसे. कोणीही लिहो, शाई वाळायच्या आत अक्षरं सुटून खाली!

आणि राजाला नेमकं लिहून हवं होतं, 'मी आजवर एकदाही चुकलो नाही.' त्याला गादीवर बसून त्या दिवशी पंचवीस वर्षं होत होती. संध्याकाळी चार देशांचे पाहुणे यायचे होते. त्यांना हे वाक्य पोथीत दाखवायचंच, असा हट्ट!

राजपंडित विद्यानिधींनी पानाला खळ लावून पाहिली. पोथीला अशी काही शिंक आली, की सगळी अक्षरं पंडितजींच्या दाढीला जाऊन चिकटली.

"महाराज," पोथी म्हणाली, "माझा नाइलाज आहे. खोट्याने मला खाज सुटते."

"खोटं? मी खोटं बोलतो? मी आजवर एकदाही चुकलो नाही!" राजा लालबुंद झाला. "ऐका सगळे! सूर्य मावळायच्या आत हे वाक्य पानावर टिकलं नाही, तर ही पोथी भट्टीत जाईल!"

पोथीची पानं थरथरली. ठकूबाईने केरसुणी खाली ठेवली. रोज सकाळी ती पोथीच्या पानांतली कसर वेचायची, आणि गुदगुल्यांनी हसत हसत पोथी तिला गोष्ट सांगायची. एरवी राजवाड्यात तिला कोणी काही सांगितलंच, तर ते 'तिकडे झाड' एवढंच.

"महाराज, मी बघू का?" तिच्या तोंडून निघून गेलं.

दरबार खो खो हसला. पंडितजी दाढीतली अक्षरं उपटत म्हणाले, "अगं, तुला वाचता तरी येतं का?"

"नाही येत, पंडितजी. पण तुम्हाला येतं, तरी वाक्य पडतंच आहे. म्हणजे वाचण्याशी त्याचा काही संबंध दिसत नाही!"

राजाच्या मिशीचं एक टोक हललं. "बघ तर मग. पण माझ्या वाक्यातला एक शब्दही बदलता कामा नये."

"नाही बदलणार. फक्त त्याच्या आधी दोन-चार शब्द आले तर चालतील ना?"

"चालतील की! हिऱ्याला कोंदण हवंच."

"आणि लिहील ती पोथीच. माझ्या हाती बोरू दिलात तर मी त्याने कान कोरीन."

ठकूबाई पोथीजवळ गेली आणि तिच्या पुठ्ठ्याला तोंड लावून काहीतरी कुजबुजली.

"ठके, अगं, तुझी मान जाईल!" पोथी दबक्या आवाजात म्हणाली.

"जाईना. आतापर्यंत तिचा उपयोग फक्त डोलवायलाच झालाय. तू लिही, आक्का."

पोथीने एक दीर्घ श्वास घेतला. पान सळसळलं. एकेक अक्षर उमटू लागलं. दरबार खाली वाकून बघत राहिला. एकही पडलं नाही! शाई वाळली, अक्षरं जागच्या जागी.

"टिकलं!" राजाने टाळी वाजवली. "आण इकडे! मीच वाचतो." आणि तो खणखणीत आवाजात वाचू लागला, "उल्कानगरीच्या राजाची सर्वांत मोठी चूक : पंचविसाव्या वर्षी तो भर दरबारात म्हणाला, 'मी आजवर एकदाही चुकलो नाही.'"

पंडितजींनी डोळे मिटून घेतले.

"ठकूबाई!" राजा गरजला. "म्हणजे मी मूर्ख?"

ठकूबाईची जीभ काही थांबेना. "मूर्ख कसे असाल, महाराज? तुमची सर्वांत मोठी चूक दोन ओळींत मावली! माझ्या लिहायला घेतल्या तर या तिन्ही सुपांतली अक्षरं पुरायची नाहीत. अकरा वर्षांत मी अकरा दौती सांडल्या. आणि पंडितजींची पगडी तर फडकं समजून महिनाभर फरशीला वापरली!"

"म्हणजे ती तू होतीस?" पंडितजी किंचाळले.

आधी पोथी फिसकन हसली. मग राजाच्या मिशीची दोन्ही टोकं वर गेली, आणि तो असा हसत सुटला, की मुकुट सावरायला दोन हात पुरेनात.

"पोथी, आणखी एक लिही," डोळे पुसत तो म्हणाला. "दुसरी चूक : तुला जाळायला निघालो होतो!"

तेही वाक्य पानावर घट्ट बसलं.

"येऊ देत पाहुणे!" राजा म्हणाला. "इतक्या खऱ्या ओळी त्यांच्या राजांकडे असल्या तर दाखवाव्यात!" आणि हातातलं सोन्याचं कडं काढून त्याने ठकूबाईच्या हातात घातलं, पोथीखान्याच्या किल्ल्या तिच्या कमरेला लावायला सांगितल्या, आणि तिला अक्षरं शिकवायचं काम, रोज सकाळी एक तास, राजपंडित विद्यानिधींवर सोपवलं.