पापडाची लाटी आणि राजाची घटका

राजा होता एक. गोष्टीत राजा लागतोच, त्याला मी काय करू! रेवा, पाय पांघरुणात घे आधी. हं.

तर या राजाची राणी वारली होती. मागे राहिली एक लेक. तिचं नाव ठकू. हसताय काय? राजकन्येचं नाव ठकू असू नये का? आई गेली तेव्हा ती झोळीतली होती, आता पाच वर्षांची झाली. तिला आईचा चेहराही आठवत नव्हता. आणि राजाला दुसरं काही आठवत नव्हतं.

त्या नगरात येसाक्का नावाची एक तांबटीण होती. ती घटिकापात्रं घडवायची. म्हणजे तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक. पाण्याच्या घंगाळात सोडली की हळूहळू भरते, बुडते, की झाली एक घटका. तेव्हा भिंतीवर घड्याळं कुठली!

पण येसाक्काच्या हाताला काही निराळंच होतं, बरं का. तिच्यासमोर बसायचं आणि आपल्या आयुष्यातली एक वेळ सांगायची. सगळी सांगायची, वासासकट, आवाजासकट. ती ऐकत ऐकत ठोके घालायची, आणि ती वेळ तांब्यात उतरायची! मग पात्र पाण्यात सोडायचं, करंगळी बुडवायची, डोळे मिटायचे. मन थेट त्या वेळेत. पात्र बुडालं की परत.

मग राजा तिच्याकडे गेला. येसाक्काला वाटलं, हा एखादी लढाई सांगेल. राजाने काय सांगावं?

"उन्हाळ्याची दुपार होती. राणी पापड लाटत होती. मी शेजारी बसून तेलात बुडवून लाट्या खात होतो. झोळीत ठकू होती. राणी म्हणाली, 'अहो, ठकू उठली वाटतं. बघता का जरा?'"

"मग?"

"मग काही नाही. मी म्हटलं, जातो. आणि आणखी एक लाटी खाल्ली."

येसाक्काने डोळे पुसले आणि हातोडी उचलली.

पहिल्या दिवशी राजा एक घटका जाऊन आला. किती दिवसांनी हसला म्हणून सांगू! ठकू म्हणाली, "बाबा, मलाही न्या ना." राजा म्हणाला, "उद्या." दुसऱ्या दिवशी तो दहा वेळा गेला. ठकूला म्हणाला, "उद्या." तिसऱ्या दिवशी त्याला घटका पुरेना. मग त्याने काय करावं? मुदपाकखान्यातून उडदाची लाटी मागवली आणि पात्राच्या भोकात दाबून बसवली. उडदाचं पीठच ते, चिकटलं की चिकटलं. पात्र बुडेचना. राजा तिकडेच राहिला.

एक दिवस गेला. दोन गेले. तीन गेले. राजा अन्न घेईना, हाकेला ओ देईना. वाळत चालला. प्रधान पात्र उपसायला गेला, तर येसाक्का धावत आली.

"हात लावू नका! राजाचं मन तिकडेच राहील. ज्याची ही वेळ आहे, त्याचाच हात चालेल."

"वेळ राजाची आणि राणीची," प्रधान म्हणाला. "राणी आता कुठून आणायची?" सगळे डोक्याला हात लावून बसले.

ठकूकडे कुणाचं लक्षच नव्हतं. ती तीन दिवस घंगाळापाशी बसून होती. भुकेली आणि चिडलेली. रडून रडून नाक लाल झालेलं. तिला पात्रात लाटी दिसली. आता लाटी दिसल्यावर पोर गप्प बसतं का? तिने हात घातला, लाटी उचकटली आणि खाल्ली! शी काय? भूक लागली होती तिला.

"अगं!" सगळे ओरडले. पण काही वाईट झालं नाही. का? अरे, झोळीत कोण होतं त्या दुपारी? ती वेळ ठकूचीही होतीच की!

मग पात्र हळूहळू भरलं आणि बुडालं. राजाने डोळे उघडले. समोर ठकू, गालात लाटी.

"बाबा, आईच्या लाट्या अशाच लागायच्या?"

राजा हमसून हमसून रडला. "नाही गं पोरी. तिच्या फार छान असायच्या. मी तुला कधी सांगितलंच नाही." मग त्याने तिला मांडीवर घेतलं आणि सांगायला बसला.

पापडाचे दिवस आले. दोघांनी करंगळ्या पाण्यात बुडवल्या. भोक उघडं ठेवून, एकच घटका. तीच दुपार, तोच लाटण्याचा आवाज. राणी म्हणाली, "अहो, ठकू उठली वाटतं. बघता का जरा?" या वेळी राजाने हातातली लाटी खाली ठेवली. लगेच उठला. ठकूला झोळीतून उचललं आणि राणीच्या मांडीवर दिलं. ठकूने आईचा चेहरा पोटभर पाहून घेतला.

मग पात्र बुडालं. दोघं परत आले आणि आपले पापड लाटायला बसले. दर उन्हाळ्यात असंच.

काय म्हणालास, कुशा? मला मिळालं असतं तसं पात्र तर? गेले असते रे. माझ्या आईच्या मागे उभी राहून तिचा पदर ओढला असता. फार आठवते ती मला अजून. पण एकच घटका हं. उद्या आपले पापड आहेत, तुम्हाला लाट्या कोण देणार?

तर राजा आणि ठकू त्यांच्या घरी सुखात राहिले, आपण आपल्या घरी आहोत. बुडालं पात्र. मिटा डोळे.