शेठच्या तोंडाकडे बघणारे खलाशी

फार पूर्वी एका बंदरात एक व्यापारी शेठ राहायचा. मनाचा चांगला, पण कुणी चार गोड शब्द बोललं की विरघळायचा. एकदा गलबतात नारळ भरून तो स्वतःच सफरीला निघाला. गलबत तांडेलाच्या हुकुमावर चालायचं. तांडेल जाणता, पण तोंडाचा भारी फटकळ.

पहिल्याच दिवशी एक खलाशी तांडेलाची नजर चुकवून शेठजवळ आला. "शेठ, तांडेल दुपारची पाठसुद्धा टेकू देत नाही हो."

शेठला वाटलं, बघा, माणसं मला किती आपलं मानतात! तांडेलाला न विचारताच तो म्हणाला, "जा, पड जरा. मी सांगितलं म्हणून सांग."

मग काय! दुसरा आला, तिसरा आला. तांडेलाने काही सांगितलं की म्हणायचे, "थांबा, शेठना विचारून येतो." तांडेल ओठ चावून स्वतःच दोर ओढायचा.

एके दुपारी आभाळ काळंकुट्ट झालं. वारा एकदम पडला. तांडेल ओरडला, "शीड उतरवा! आत्ता!"

एकाचाही हात हलला नाही. सगळे शेठच्या तोंडाकडे बघत राहिले. पहिला खलाशी दोर धरून म्हणाला, "शेठ, उतरवू का? पुढच्या बंदराला पोचायला उशीर होईल बघा."

शेठला समुद्रातलं काय कळतंय? तो विचार करतोय, तोवर वादळ आदळलं. गलबत कुशीवर कललं, नारळ गडगडत एका बाजूला गेले, पाणी आत घुसलं.

"माझ्याकडे काय बघता, मेल्यांनो!" शेठ किंचाळला. "तांडेल सांगतो ते करा!"

दोर सुटेपर्यंत डोलकाठी कडाडून मोडली. शीड गेलं, निम्मे नारळ गेले. जीव तेवढे वाचले.

वल्ही मारत कसेबसे किनाऱ्याला लागले. तिथेही तोच खलाशी शेठच्या कानाशी लागला. "शेठ, तांडेल मला सगळ्यांदेखत गाढव म्हणाला."

"त्याला बोललास?"

"त्याला कोण बोलणार? अंगावर येतो."

"मग ऊठ." शेठने त्याचा हात धरला. "तुझं ऐकीन, पण त्याच्यासमोर."

दोघे तांडेलासमोर जाऊन उभे राहिले. तांडेल गुरकावणार, तोच शेठ म्हणाला, "तांडेल, हुकूम तुमचाच. तुम्हाला डावलून मी बोललो, ती चूक माझी. पण ही माणसं तुम्हाला सोडून माझ्याकडे का येतात, तेही ऐका."

 तांडेल वाळूत बसला आणि खलाशाला म्हणाला, "बोल बाबा."

तात्पर्य: मधल्याला वगळून कुणी आला तर त्याला हाकलू नये, पण मधल्याच्या पाठीमागे हुकूमही देऊ नये.